सावलीतला संसार
(योआखिम गोटशाल्क या जर्मन नटाच्या कारकिर्दीचा एक अभ्यास)

तृतीय वर्ष कला, इतिहास

आमच्या चित्रपट अभ्यासमंडळात जर्मन चित्रपटांविषयी चर्चा निघाली की ठरावीक नावे पुढे येतात. ‘डॉ. कालिगारी’ आणि ‘मेट्रोपोलिस’ हे मूकपट, एमिल यानिंग्ज आणि मार्लेन डीट्रिश, कॉनराड फाइट आणि पीटर लोरे. या नावांचे दोन गट सहज पाडता येतात. 1933 साली हिटलर सत्तेवर आल्यानंतर देश सोडून गेलेले कलावंत हा एक गट. फाइट आणि लोरे या गटातले. देशात राहून नव्या राजवटीची सेवा करणारे हा दुसरा; यानिंग्ज त्यांतला ठळक. पहिल्या गटाबद्दल आपल्याला आदर वाटतो, दुसऱ्याबद्दल तिटकारा. विषय तेथेच संपतो.

परंतु वस्तुस्थिती इतकी सरळ नव्हती. नटांची फार मोठी संख्या या दोन्ही टोकांच्या मधे होती. त्यांनी देश सोडला नाही आणि राजवटीचा जयजयकारही केला नाही. मिळेल ते काम केले, घर चालवले आणि दिवस काढले. इतिहासाच्या पुस्तकांत अशा माणसांना फारशी जागा मिळत नाही. प्रस्तुत लेखात अशाच एका नटाचा परिचय करून द्यावयाचा आहे. योआखिम गोटशाल्क हे त्याचे नाव. चित्रपटांतील त्याची कारकीर्द 1938 ते 1941 अशी जेमतेम तीन वर्षांची. एवढ्या अवधीत त्याने सात चित्रपटांत प्रमुख भूमिका केल्या, जर्मनीतला लोकप्रिय नायक म्हणून नाव मिळवले आणि वयाच्या सदतिसाव्या वर्षी पत्नी व मुलासह जगाचा निरोप घेतला.

ही हकीकत सांगताना तीन प्रश्न समोर ठेवले आहेत. गोटशाल्कची कारकीर्द प्रत्यक्षात कशी घडली? शासनाने नटाच्या व्यवसायावर ताबा कसा मिळवला? आणि त्याच्या मृत्यूनंतर त्याच्या देशाने त्याची आठवण कशी ठेवली?

१. खलाशी ते नट

गोटशाल्कचा जन्म 10 एप्रिल 1904 रोजी कालाउ या गावी झाला. हे गाव बर्लिनच्या दक्षिणेस, लाउझिट्झ नावाच्या प्रदेशात आहे. वडील डॉक्टर होते. सुशिक्षित मध्यमवर्गीय घरातला हा मुलगा. त्याने शिकून वडिलांसारखा एखादा प्रतिष्ठित व्यवसाय करावा ही अपेक्षा स्वाभाविक होती. पण शाळा संपल्यावर तो जहाजावर गेला आणि सुमारे तीन वर्षे त्याने खलाशाचे आयुष्य काढले. त्यानंतर मात्र नाटकाची ओढ त्याला किनाऱ्यावर घेऊन आली. अभिनयाचे रीतसर शिक्षण घेऊन तो रंगभूमीवर उभा राहिला.

येथे जर्मन रंगभूमीच्या रचनेविषयी थोडे सांगणे आवश्यक आहे, कारण आपल्याकडील नाटक मंडळ्यांपेक्षा ती वेगळी होती. जर्मनीत मध्यम आकाराच्या शहरालाही स्वतःचे नाट्यगृह असे. नगरपालिका किंवा प्रांतिक सरकार त्याला अनुदान देई. तेथे पगारी नटसंच असे, आणि तोच संच आज शिलर, उद्या शेक्सपियर, परवा एखादे हलकेफुलके प्रहसन अशी आलटूनपालटून नाटके करी. नटाचा करार साधारणपणे एका हंगामाचा असे. तरुण नटाने लहान शहरात सुरुवात करावी, दरवर्षी थोड्या मोठ्या शहरात करार मिळवावा आणि जमल्यास अखेर बर्लिन गाठावे, अशी ही शिडी होती. या शिडीवरून चढणाऱ्या नटाच्या हातून दहा वर्षांत डझनावारी भूमिका होत. चित्रपटांत येणाऱ्या जर्मन नटांची वाणी इतकी स्वच्छ आणि वावर इतका सहज का असे, त्याचे उत्तर या तालमीत आहे.

गोटशाल्क हीच शिडी चढला. स्टुटगार्टमधील फिरत्या नाटक कंपनीत असताना त्याची मेटा व्होल्फ या अभिनेत्रीशी ओळख झाली. 1930 साली दोघांनी लग्न केले. मेटा जन्माने ज्यू होती. त्या वेळी या गोष्टीला कोणी विशेष महत्त्व दिले नसावे. नाटकातल्या दोन माणसांनी लग्न करणे ही रोजची बाब होती, आणि जर्मन शहरांतून ज्यू व ख्रिस्ती यांचे विवाहही नवलाचे राहिले नव्हते.

1933च्या फेब्रुवारीत त्यांना मुलगा झाला. त्याचे नाव मिखाएल. हिटलर चॅन्सेलर झाला तो 30 जानेवारी 1933 रोजी. म्हणजे या मुलाचे वय आणि त्या राजवटीचे वय एकच होते असे म्हणावयास हरकत नाही.

त्यानंतर पतीची कारकीर्द पुढे सरकत गेली आणि पत्नीची थांबली. गोटशाल्क लाइप्झिग, फ्रांकफुर्ट अशा मोठ्या रंगभूमींवर गेला आणि 1938 साली बर्लिनच्या ‘फोल्क्सब्यूने’ या प्रसिद्ध नाट्यगृहात दाखल झाला. मेटाला मात्र 1933 नंतर जर्मन रंगभूमीवर उभे राहणे अशक्य झाले. एकाच घरात एक नट रोज संध्याकाळी रंगपटाकडे निघे, आणि त्याच्याच तोलामोलाची दुसरी कलावंत घरी राही. अभिनय हा ज्यांचा केवळ पोटाचा धंदा नसतो, त्यांच्या घरातल्या अशा संध्याकाळी कशा गेल्या असतील याची कल्पना आपण करू शकतो.

२. सभासदत्वाचे शस्त्र

नाझी राजवटीने कलावंतांना वेसण घातली ती मुख्यतः तुरुंगाच्या धाकाने, असा आपला समज असतो. तुरुंग आणि मारहाण होतीच. हान्स ओटो या साम्यवादी नटाचा नोव्हेंबर 1933 मध्ये बर्लिनमध्ये छळानंतर मृत्यू झाला. परंतु बहुसंख्य कलावंतांसाठी वापरलेले साधन याहून साधे, कचेरीतले होते. ते म्हणजे सभासदत्व.

14 जुलै 1933 च्या कायद्याने चित्रपट व्यवसायासाठी एक मंडळ स्थापन झाले, आणि 22 सप्टेंबर 1933 च्या कायद्याने ‘राइश्सकुल्टुरकामर’ म्हणजे राष्ट्रीय संस्कृतिमंडळ अस्तित्वात आले. साहित्य, संगीत, नाट्य, चित्रपट, वृत्तपत्रे, नभोवाणी, चित्र-शिल्पादी कला अशा सात शाखा त्यात होत्या आणि त्यांच्या माथ्यावर प्रचारमंत्री गोबेल्स होता. नियम असा की या मंडळाचा सभासद नसलेल्याला त्या क्षेत्रात काम करता येणार नाही. सभासदत्व देणे वा नाकारणे मंडळाच्या हाती. कोणालाही पकडावयास नको, खटला चालवावयास नको. अर्जावर नकाराचा शिक्का मारला की माणसाचे आयुष्यभराचे काम संपले. ज्यू कलावंतांची अशा रीतीने झाडून हकालपट्टी करण्यात आली.

1935 च्या सप्टेंबरमध्ये न्युरेंबर्गचे वंशविषयक कायदे आले. यापुढे ज्यू आणि ‘आर्य’ यांच्या विवाहाला बंदी झाली. आधी झालेले विवाह मात्र कायद्याने रद्द केले नाहीत. राज्यकर्त्यांनी येथे वेगळी युक्ती योजली. अशा जोडप्यातल्या ‘आर्य’ जोडीदाराने आपण होऊन घटस्फोट घ्यावा म्हणून त्याच्यावर दडपण आणावयाचे. कलावंतांच्या बाबतीत हे दडपण सभासदत्वाच्या रूपाने येई. ज्यू स्त्रीशी विवाह केलेल्या नटाला ‘खास परवानगी’ घेऊन काम करावे लागे. ही परवानगी गोबेल्सच्या मर्जीवर अवलंबून असे आणि केव्हाही काढून घेता येई.

या व्यवस्थेतली मेख नीट समजून घेतली पाहिजे. खास परवानगी हे बाहेरून पाहता औदार्य दिसते. वस्तुतः ती दोरी होती. ज्याला परवानगी मिळाली तो उपकृत झाला, आणि त्याने मिळवलेल्या यशाबरोबर त्याचे परावलंबित्वही वाढत गेले.

३. तीन वर्षे, सात चित्रपट

1938 साली दिग्दर्शक व्होल्फगांग लीबेनआयनर याने गोटशाल्कला ‘तू आणि मी’ (डू उंट इश) या चित्रपटात नायकाची भूमिका दिली. मोजे विणणारा एक साधा कारागीर पत्नीच्या साथीने कारखानदार होतो, त्या दांपत्याच्या दीर्घ आयुष्याची ही कथा. नायिका होती ब्रिगिटे होर्नाय. मानसशास्त्रज्ञ कारेन होर्नाय यांची ही कन्या त्या वेळी प्रथम श्रेणीची अभिनेत्री होती. या दोघांची जोडी प्रेक्षकांना एकदम पसंत पडली आणि पुढे तीन चित्रपटांत ती पुन्हा दिसली.

त्या वर्षाच्या नोव्हेंबरचा दुसरा एक कागद या चित्रपटाच्या शेजारी ठेवून पाहावा. 9 नोव्हेंबरच्या रात्री देशभर ज्यूंची प्रार्थनामंदिरे आणि दुकाने जाळण्यात आली, आणि 12 नोव्हेंबर रोजी गोबेल्सने फतवा काढून ज्यूंना नाट्यगृहे, चित्रपटगृहे व संगीतसभा यांत प्रवेश बंद केला. पती पडद्यावर सुखी संसाराचा नायक म्हणून गाजत असताना पत्नीला तिकीट काढून तो चित्रपट पाहण्याचाही अधिकार राहिला नाही.

1939 साली त्याचे तीन चित्रपट आले. गुस्टाव्ह उचित्स्की याचा ‘दमास्कसमधील उठाव’ हा पहिल्या महायुद्धाच्या अखेरीस सीरियात अडकलेल्या जर्मन सैनिकांविषयीचा चित्रपट. त्यात गोटशाल्क लेफ्टनंट आहे. आर्थर मारिया राबेनआल्टचा ‘अंधारात पलायन’ आणि व्हिक्टर तुर्यान्स्कीचा ‘तुझ्यासारखी स्त्री’ हे दुसरे दोन. 1940 मध्ये व्हिएन्नाच्या संस्थेसाठी उचित्स्कीनेच काढलेल्या ‘आयुष्यभर’ या चित्रपटात तो पाउला व्हेसेलीसारख्या मातब्बर अभिनेत्रीसमोर उभा राहिला. 1941 च्या आरंभी हान्स श्वायकार्टचा ‘फान्योची मुलगी’ आला. समुद्रावरच्या कोळ्यांची ही कथा, आणि नायक पूर्वायुष्यात खलाशी! त्याच वर्षी एप्रिलमध्ये पेटर पाउल ब्राउअरचा ‘स्वीडनची कोकिळा’ प्रदर्शित झाला. प्रसिद्ध गायिका येनी लिंड आणि परीकथाकार हान्स क्रिश्चन आंडरसन यांच्या विफल प्रेमाची ही कहाणी. इल्झे व्हेर्नरने गायिकेचे काम केले (प्रत्यक्ष गाणे एर्ना बेर्गर हिचे), तर गोटशाल्क आंडरसन झाला. हा त्याचा अखेरचा चित्रपट.

त्याच्या अभिनयाचे वैशिष्ट्य कोणते? त्या काळच्या जर्मन पडद्यावर दोन प्रकारचे नायक अधिक दिसत. एक ताठ मानेचा, छाती काढून चालणारा, हुकूम सोडणारा; दुसरा हसवणारा, खोडकर. गोटशाल्क या दोन्हींत बसत नाही. त्याचा आवाज शांत आहे, हालचाली थोड्या आहेत. समोरचा बोलत असताना तो खरोखर ऐकतो. प्रेमिक म्हणून तो घाई करत नाही आणि दुःखी प्रसंगातही स्वर चढवत नाही. आंडरसनच्या भूमिकेत तर नायकाने हरणे हाच कथेचा शेवट आहे. विजयाच्या घोषणांनी दणाणून गेलेल्या 1941 साली हा हरणारा, हळवा नायक प्रेक्षकांना आवडावा यात बरेच काही आले.

तथापि अभ्यासकाने येथे हात आखडता घेऊ नये. ‘दमास्कसमधील उठाव’ या चित्रपटात जर्मन सैनिकाच्या शौर्याचे गुणगान आहे आणि राजवटीला हवा असलेला सूर त्यात आहे. बाकीचे चित्रपट प्रचाराचे नव्हते. पण युद्धकाळात लोकांचे मन रमवणे हेही गोबेल्सच्या धोरणाचेच अंग होते. त्या यंत्रणेत गोटशाल्क एक उपयुक्त आणि चांगला पगार मिळवणारा भाग होता. त्याला निष्कलंक ठरवण्याची गरज नाही. त्याचे वेगळेपण पडद्याबाहेर, दुसऱ्याच एका ठिकाणी आहे.

४. इतरांनी काय केले?

गोटशाल्कसारख्या पेचात सापडलेले इतरही नट होते. त्यांच्याशी तुलना केल्यावाचून त्याच्या वर्तनाचे मोल कळणार नाही.

हाइन्झ र्‍यूमान हा त्या काळचा अतिशय लोकप्रिय विनोदी नट. त्याची पहिली पत्नी मारिया बेर्नहाइम ज्यू होती. 1938 मध्ये त्यांचा घटस्फोट झाला. मारियाने पुढे एका स्वीडिश नटाशी विवाह केला आणि ती स्वीडनला पोहोचून वाचली. हान्स आल्बेर्स हा तर जर्मनीचा सर्वांत मोठा साहसी नायक. त्याची सहचरी हान्सी बुर्ग ज्यू. ती परदेशी गेली, आल्बेर्स मागे राहिला, आणि युद्ध संपल्यावर ती परत आली. व्हिएन्नाचा विनोदी नट हान्स मोझर याने घटस्फोट घेतला नाही. त्याने हिटलरला विनंतीचे पत्र लिहिले, खास परवानगीवर काम चालू ठेवले, आणि त्याची पत्नी बुडापेस्टला जाऊन राहिली. टेओ लिंगेन याची पत्नी अर्धज्यू ठरवली गेली होती. त्यालाही परवानगीवर काम करता आले.

या यादीकडे पाहून कोणाला शूर आणि कोणाला भ्याड ठरवणे सोपे आहे. पण प्रत्येकाला मिळालेली संधी वेगळी होती. कोणाकडे परदेशी पोहोचण्याची वाट होती, कोणाकडे पैसा, कोणाकडे अफाट लोकप्रियतेचे कवच. घटस्फोट घेऊनही पत्नीला वाचवणारे होते, तसे घटस्फोट घेऊन तिला विसरणारेही असतीलच.

मग गोटशाल्क दांपत्य वेळीच देश सोडून का गेले नाही? या प्रश्नाचे एक उत्तर नटाच्या व्यवसायात आहे. नटाचे हत्यार म्हणजे त्याची भाषा. संगीतकाराला ती अडचण नाही. आपल्या मुंबईतलेच उदाहरण घ्या. वाल्टर काउफमान हा जर्मन भाषिक ज्यू संगीतकार 1934 साली मुंबईला आला, नभोवाणीवर नोकरीस लागला, आणि आकाशवाणीची सुपरिचित संकेतधून त्याच्या नावावर आहे. सुरांना पारपत्र लागत नाही. पण जर्मन बोलणारा नट परक्या देशात उतरला की पहिल्याच दिवशी मुका होतो. फाइट आणि लोरे यांना इंग्रजी चित्रपटांत जागा मिळाली. अनेकांना ती मिळाली नाही. गोटशाल्कला तर चित्रपटांत यश मिळाले तेच 1938 साली. परदेशात त्याचे नाव कोणाला ठाऊक होण्याआधीच युद्ध सुरू झाले आणि दारे बंद होत गेली.

५. 1941

1941 हे वर्ष जर्मनीतील ज्यूंसाठी निर्णायक ठरले. 19 सप्टेंबरपासून सहा वर्षांवरील प्रत्येक ज्यू व्यक्तीने कपड्यांवर पिवळा तारा लावावा असा नियम अमलात आला. 18 ऑक्टोबरला बर्लिनहून ज्यूंना घेऊन पहिली आगगाडी पोलंडमधील लोड्झकडे निघाली. त्याच महिन्याच्या अखेरीस ज्यूंना देश सोडण्यास मनाई झाली.

या नियमांतून काही मिश्र विवाहांना सूट होती. ज्या जोडप्यात पती ‘आर्य’ आणि मुले ज्यू धर्मात वाढवलेली नाहीत, ते 1938 च्या अखेरीपासून ‘सवलतप्राप्त’ मिश्र विवाह मानले जात. अशा पत्नीला तारा लावावा लागत नसे आणि हद्दपारीपासूनही तिला तूर्त संरक्षण होते. मात्र हे सारे विवाह टिकून असेपर्यंत. घटस्फोट झाला की संरक्षण संपले. ड्रेस्डेनचे प्राध्यापक व्हिक्टर क्लेम्पेरर हे ज्यू असूनही जिवंत राहिले, कारण त्यांची ‘आर्य’ पत्नी एव्हा अखेरपर्यंत त्यांच्यापासून ढळली नाही. युद्धाच्या अखेरीस जर्मनीत उघडपणे जिवंत असलेल्या ज्यूंत अशा विवाहांतली माणसेच बहुसंख्य होती.

गोटशाल्कसमोरचा प्रश्न या पार्श्वभूमीवर वाचला पाहिजे. त्याला घटस्फोट घेण्यास सांगण्यात आले, ते ऐकावयास ‘बायको की नोकरी’ असे वाटते. खरा अर्थ वेगळा होता. घटस्फोटाच्या कागदावरची त्याची सही म्हणजे मेटाला आगगाडीत बसवण्याची परवानगी ठरली असती. त्याने नकार दिला. ‘स्वीडनची कोकिळा’ नंतर त्याला चित्रपट मिळाला नाही. प्रचारमंत्रालयाचा रोष वाढत गेला. त्याला सैन्यात धाडावे आणि पत्नी व मुलाला हद्दपार करावे अशी धमकी देण्यात आली, असे त्याच्याविषयीच्या बहुतेक वृत्तांतांत सांगितले आहे.

येथे एक खुलासा करावासा वाटतो. त्या दोघांना टेरेझिएनश्टाट येथील छावणीत पाठवण्यात येणार होते, असे अनेक ठिकाणी लिहिलेले आढळते. परंतु तेथे पहिले कैदी पोहोचले ते 24 नोव्हेंबर 1941 रोजी, म्हणजे गोटशाल्कच्या मृत्यूनंतर. पुढे प्रसिद्धीस आलेले नाव मागच्या घटनेला नकळत चिकटते, त्याचा हा नमुना असावा. गाव कोणतेही असो, धमकीचा आशय बदलत नाही. तरी इतिहासाच्या विद्यार्थ्याने तारखा पडताळून पाहण्याची सवय सोडू नये.

6 नोव्हेंबर 1941 रोजी बर्लिनच्या ग्रुनेव्हाल्ड भागातील राहत्या घरी योआखिम, मेटा आणि आठ वर्षांचा मिखाएल यांचा अंत झाला. आईवडिलांनी मुलाला आधी झोपवले आणि मग त्याच्यासह मृत्यूला कवटाळले.

अंत्यविधीला कोणी जाऊ नये अशी वरिष्ठांची इच्छा होती आणि ती चित्रपटसृष्टीत सर्वांना कळलेली होती. तरीही स्टान्सडॉर्फच्या दफनभूमीत ब्रिगिटे होर्नाय, गुस्टाव्ह क्नूट, हान्स ब्राउझेवेटर, व्हेर्नर हिंत्स ही नटमंडळी हजर राहिली. आज आपल्याला ही गोष्ट लहान वाटेल. एका मित्राच्या मातीला जाणे यात काय मोठे? पण ज्यांची रोजची भाकरी त्या मंत्र्याच्या सहीवर अवलंबून होती, त्यांनी उघड्या जागी, पाळतीवरच्या माणसांसमोर उभे राहणे हे त्या दिवशी लहान नव्हते.

अशी अखेर झालेले हे एकच कुटुंब नव्हे. लेखक योखेन क्लेपर याने डिसेंबर 1942 मध्ये आपली ज्यू पत्नी आणि सावत्र मुलगी यांच्यासह हाच मार्ग धरला. नट रॉबर्ट डोर्साय याला राजवटीविरुद्ध लिहिल्या-बोलल्याबद्दल 1943 साली देहान्त शिक्षा झाली. कुर्ट गेरॉन आणि ओटो वालबुर्ग या ज्यू नटांना 1944 साली आउश्विट्झमध्ये मारण्यात आले.

६. मृत्यूनंतरचा चित्रपट

युद्ध संपल्यावर बर्लिनच्या सोव्हिएत विभागात 1946 साली ‘डेफा’ ही चित्रपटसंस्था स्थापन झाली. तिच्यासाठी कुर्ट मेट्झिग या तरुण दिग्दर्शकाने आपला पहिला कथापट काढला, ‘सावलीतला विवाह’ (एहे इम शाटेन). कथेला आधार होता हान्स श्वायकार्टच्या कथेचा. हाच श्वायकार्ट ‘फान्योची मुलगी’चा दिग्दर्शक, म्हणजे गोटशाल्कला कॅमेऱ्यातून जवळून पाहिलेला माणूस.

मेट्झिगला हा विषय परका नव्हता. त्याची आई ज्यू होती आणि गेस्टापोच्या हाती पडू नये म्हणून तिने 1944 साली आत्महत्या केली होती. त्याला स्वतःलाही नाझी काळात चित्रपटात काम करण्याची मनाई झाली होती.

चित्रपटात नायकाचे नाव हान्स व्हीलांट व पत्नीचे एलिझाबेट असे आहे. या भूमिका पाउल क्लिंगर आणि इल्झे श्टेपाट यांनी केल्या. कथेच्या आरंभी दोघे शिलरच्या ‘कपट आणि प्रेम’ या नाटकात काम करताना दिसतात. पुढे तो पत्नीला एका चित्रपटाच्या पहिल्या खेळाला घेऊन जातो. तेथे एका बड्या अधिकाऱ्याला ती फार आवडते. ती ज्यू आहे हे कळल्यावर त्याच अधिकाऱ्याचा क्रोध त्यांच्यावर कोसळतो. शेवटी शिलरच्या नाटकातले संवाद म्हणतच दोघे मृत्यूला सामोरे जातात.

3 ऑक्टोबर 1947 रोजी हा चित्रपट बर्लिनच्या चारही विभागांत, म्हणजे रशियन, अमेरिकन, ब्रिटिश आणि फ्रेंच अशा सर्व हद्दींत, एकाच दिवशी प्रदर्शित झाला. विभागलेल्या शहरात हे विशेष होते. सुमारे एक कोटीहून अधिक लोकांनी तो पाहिला. खेळ संपल्यावर प्रेक्षक बराच वेळ काही न बोलता बसून राहत असे वर्णन आढळते. हांबुर्गमध्ये 1948 साली या चित्रपटाच्या खेळाला ज्यूद्वेष्ट्या ‘ज्यू स्यूस’चा दिग्दर्शक फाइट हार्लान आला असता त्याला बाहेर जावयास सांगण्यात आले. पण या गोष्टीला दुसरी बाजूही आहे. ‘सावलीतला विवाह’चे संगीत दिले होते व्होल्फगांग त्सेलर याने, आणि ‘ज्यू स्यूस’चे संगीतही त्याचेच होते. एका माणसाला दारातून परत पाठवले, दुसऱ्याचे नाव श्रेयनामावलीत झळकले. नव्या जर्मनीला जुनीच माणसे हाताशी धरून नवे चित्रपट काढावे लागत होते.

टीकाही झाली. बेर्टोल्ट ब्रेख्टला हा चित्रपट भडक भावुकतेचा वाटला, असे सांगितले जाते. या आक्षेपात तथ्य आहे. करुण संगीत, सुंदर चेहरे, नाटकी शेवट यांमुळे प्रेक्षक रडून मोकळा होतो आणि ‘त्या वेळी मी काय करत होतो?’ हा प्रश्न स्वतःस विचारण्याचे राहून जाते. शिवाय एक बदल फार महत्त्वाचा वाटतो. चित्रपटातले दांपत्य दोघांचेच आहे. मिखाएल त्यात नाही. मूल वगळल्यामुळे कथा दोन प्रेमिकांच्या शोकांतिकेसारखी रेखीव झाली. खऱ्या घटनेत मात्र ते आठ वर्षांचे मूल आहे, आणि त्यामुळेच ती घटना सुंदर म्हणता येत नाही.

असे असले तरी या चित्रपटाचे एक ऋण मान्य केले पाहिजे. मिश्र विवाहांतील कुटुंबांवर काय गुदरले, हे त्याने सामान्य जर्मन प्रेक्षकाला प्रथमच एवढ्या मोठ्या प्रमाणावर दाखवले. पुढे बर्लिनमधील एका रस्त्याला गोटशाल्कचे नाव देण्यात आले.

७. समारोप

गोटशाल्कची कारकीर्द लहान आहे आणि त्याच्या चित्रपटांपैकी एकही जागतिक चित्रपटांच्या इतिहासात अग्रस्थानी नाही. मग त्याचा अभ्यास कशासाठी करावयाचा?

एक कारण असे की कलावंत आणि राजसत्ता यांच्या संबंधाचे चित्र या छोट्या चरित्रात स्पष्ट उमटते. सत्तेने त्याच्याकडून भाषण मागितले नाही, घोषणा मागितली नाही, पक्षाचे सभासदत्वही आग्रहाने मागितले नाही. तिने एक सही मागितली. बाकी सर्व बाबतींत तो तिच्याशी जुळवून घेत आला होता. या एका बाबतीत त्याने घेतले नाही. माणूस सर्व आघाड्यांवर शूर असतो असे नाही. पण प्रत्येकाची एक जागा असते, जेथून मागे सरता येत नाही. गोटशाल्कची ती जागा त्याचे घर होती.

दुसरे कारण अधिक अस्वस्थ करणारे आहे. त्याच्या मृत्यूला ‘बलिदान’ म्हणण्याचा मोह होतो. मला तो शब्द येथे बरोबर वाटत नाही. बलिदान स्वेच्छेने होते, आणि मिखाएलला कोणी विचारले नव्हते. आईवडिलांनी त्याला मागे ठेवले असते तर त्याचे काय झाले असते, हा विचार त्यांच्या मनात त्या रात्री किती वेळा आला असेल! आपण त्या घरात नव्हतो. त्यांना दोष देण्याचा अधिकार आपला नाही. पण दोष कोणाचा हे मात्र ठामपणे सांगता येते. ज्या व्यवस्थेने आईबापांना आपल्या लेकरासाठी मरण हाच सुरक्षित आसरा आहे असे वाटावयास लावले, त्या व्यवस्थेचा. आणि ती व्यवस्था चालवणाऱ्या कचेऱ्यांचा, शिक्क्यांचा, आणि मान खाली घालून आपले काम करणाऱ्या असंख्य माणसांचा.

शेवटी मेटाविषयी. ग्रंथांतून तिचा उल्लेख बहुधा ‘गोटशाल्कची ज्यू पत्नी’ एवढाच येतो. ती स्वतः रंगभूमीवरची अभिनेत्री होती, तिलाही भूमिका हव्या होत्या, आणि वयाच्या ऐन उमेदीत तिचे काम तिच्या हातातून काढून घेण्यात आले. तिचा एकही चित्रपट आपल्याला पाहावयास मिळणार नाही. पुढे कधी ‘स्वीडनची कोकिळा’ पाहण्याचा योग आला, तर पडद्यावरचा तो हळवा, हरणारा आंडरसन पाहताना, त्या चित्रपटगृहात जिला प्रवेश नव्हता त्या स्त्रीचीही आठवण आपण ठेवावी.